अग्निमय चंद्र आणि सत्याचे व्रत

कथाकार जे नाही ते आहे असे सांगतो. मग तो असत्य बोलतो असे म्हणावयाचे काय? प्रश्न जुना आहे, परंतु प्रत्येक पिढीला तो नव्या निमित्ताने सोडवावा लागतो. आजचे निमित्त अद्भुतकथांचे आहे. पुस्तकांतून, चित्रपटांतून, एवढेच नव्हे तर मुलांच्या हातातील मोबाईलवरच्या खेळांतूनही अशी जगे रचली जातात की ज्यांत दोन सूर्य उगवतात, डोंगर आकाशात तरंगतात आणि पशू माणसांशी वाद घालतात. घरातील वडील मंडळी हे पाहतात आणि म्हणतात, ‘ह्या खोट्या गोष्टींनी मुलांचे काय भले होणार?’ त्यांचा हेतू शुद्ध असतो ह्यात शंका नाही. परंतु हीच मंडळी सायंकाळी देवळाच्या सभामंडपात पुराण ऐकावयास बसतात. तेथे समुद्र घुसळला जातो आणि त्यातून चंद्र वर येतो. नातवंड शेजारीच बसलेले असते. त्याने जर विचारले, ‘आजोबा, माझ्या पुस्तकातला चंद्र खोटा आणि हा खरा, तो कसा?’ तर काय उत्तर द्यावयाचे? मुलाला गप्प बसविणे हे उत्तर नव्हे. ज्याने सत्याचे व्रत घेतले आहे त्याला ह्या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर शोधणे प्राप्त आहे.

विचार मोकाट सुटू नये म्हणून आपण एकच कल्पित वस्तू हाती घेऊ. अशा एका जगाची कल्पना करू की ज्याच्या आकाशात शीतल चंद्राच्या जागी धगधगणारा चंद्र आहे. तो सूर्याकडून प्रकाश उसना घेत नाही. स्वतःच्या आगीने जळतो. म्हणून त्याला कला नाहीत. तो उगवेल तेव्हा पुरताच उगवतो. ज्या रात्री तो सूर्यास्ताबरोबर वर येतो त्या रात्री तेथील लोक विहिरी झाकतात, गवती छपरे भिजवून ठेवतात आणि गुरांना आडोशाला बांधतात. तेथे कोजागरी असेल तर ती दुधाच्या पेल्यासाठी नव्हे, पहाऱ्यासाठी. अमावास्या ह्या शब्दाचा मूळ अर्थ सूर्यचंद्रांचा एकत्र वास असा आहे. त्या जगातही तो दिवस येतो. दिवसा दोघांचा ताप एकदम सोसावा लागतो, पण रात्र मात्र निर्धास्त आणि काळोखी मिळते. तेथला सण अमावास्येचा. तेथील आई लेकराला चंद्र दाखवीत नाही, तो मावळण्याची वाट पाहावयास शिकविते. तेथील कवी सुंदर मुखाला चंद्राची उपमा देत नाही, राजाच्या क्रोधाला देतो. चांदण्याला मराठीत चांदणे म्हणोत की कोकणीत चान्नें, त्या शब्दात जो गारवा आपल्या जिभेला लागतो तो त्या लोकांना ठाऊकच नाही.

असा चंद्र नाही. मग त्याचे वर्णन करणे हे असत्य भाषण झाले काय?

आपल्या शास्त्रकारांना नसलेल्या वस्तूंचा परिचय चांगला होता. सशाचे शिंग, आकाशातील फूल, वंध्येचा पुत्र, गंधर्वनगर ही उदाहरणे त्यांच्या वादांत पदोपदी येतात. त्यांत एक मर्म आहे. ससा आहे, शिंगही आहे. नाही तो त्यांचा संयोग. त्याचप्रमाणे अग्नी आहे, चंद्रही आहे. कथाकाराने केला तो केवळ त्यांचा विवाह. मनुष्याची कल्पना निव्वळ शून्यातून काही काढू शकत नाही. ईश्वराच्या कोठारातील वस्तू घेऊन ती त्यांची मांडणी बदलते. मम्मटाने काव्यप्रकाशाच्या प्रारंभीच कवीच्या सृष्टीला नियतीच्या नियमांतून मुक्त म्हटले आहे. दंडीने तर उपमांचे प्रकार सांगताना असंभाव्य वस्तूंवर आधारलेल्या उपमेला स्वतंत्र नाव दिले, आणि चंदनातून अग्नी निघावा, चंद्रातून विष निघावे, अशी तिची उदाहरणे योजिली. ह्या आचार्यांना कवी खोटारडा वाटला नाही. परंतु आचार्यांनी मुभा दिली एवढ्याने आमचे समाधान होऊ नये. मुभा कशाच्या आधारावर, ते पाहिले पाहिजे.

पातंजल योगसूत्रांवरील व्यासभाष्यात सत्य ह्या यमाचे विवरण आहे. वाणी आणि मन वस्तुस्थितीला धरून असावीत, हे तेथे प्रथम सांगितले आहे. ह्या पहिल्याच पायरीवर कथाकार अडखळला असे वाटेल. परंतु भाष्यकार तेथे थांबत नाहीत. आपल्याला झालेला बोध दुसऱ्याच्या ठिकाणी संक्रांत व्हावा म्हणून वाणी असते, असे सांगून ते तिचे तीन दोष दाखवितात: ती फसविणारी नसावी, भ्रांत नसावी, बोधशून्य नसावी. आणि शेवटी सर्वांत कठीण अट घालतात: ती भूतमात्रांच्या हितासाठी असावी, घातासाठी नसावी. ह्या चार कसोट्यांवर आपला अग्निमय चंद्र घासून पाहू.

पहिली कसोटी वंचनेची. फसवणूक होण्यासाठी श्रोत्याने खोटे ते खरे मानावे लागते, आणि वक्त्याचा तसा हेतू असावा लागतो. ‘एक होता राजा’ असे आजीने म्हटले की नातू त्या राजाची राजधानी शोधावयास निघत नाही. कथेच्या उंबरठ्यावरच दोघांत एक करार झालेला असतो: येथून पुढे जे सांगितले जाईल ते कथा म्हणून ऐकावयाचे. हा करार उघड आहे तोवर वंचना नाही. परंतु तोच चंद्र करारावाचून पुढे केला तर? संगणकाच्या साहाय्याने आज वाटेल त्या वस्तूचे हुबेहूब छायाचित्र बनविता येते. आकाशात पेटलेल्या चंद्राचे असे चित्र कथासंग्रहाच्या मुखपृष्ठावर छापले तर ती कला; तेच चित्र ‘आज रात्री असा चंद्र दिसणार, अनर्थ ओढवणार’ अशा मजकुरासह घरोघरी धाडले तर ते पाप. चित्रातील एक रेषाही बदललेली नाही; बदलला तो करार. ७ सप्टेंबर २०२५ रोजी खग्रास चंद्रग्रहण झाले आणि चंद्र ताम्रवर्ण झाला. पृथ्वीच्या वातावरणातून वळून गेलेला तांबडा प्रकाश त्यावर पडतो, हे त्याचे कारण. त्या ताम्रवर्णाचे भय दाखवून दान उकळणारा आणि कल्पित चंद्राची गोष्ट सांगणारा ह्या दोघांत असत्यवादी कोण, हे सांगावयास नको. पहिल्याजवळ चंद्र खरा आहे आणि बोलणे खोटे. दुसऱ्याजवळ चंद्र खोटा आहे आणि बोलणे सरळ.

दुसरी कसोटी भ्रांतीची. नियतीच्या नियमांतून सुटका झाली म्हणजे सर्व नियमांतून सुटका झाली असे अनेक लेखकांना वाटते. ते खरे नव्हे. ज्याने स्वतःच्या आगीने जळणारा चंद्र निर्माण केला त्याने तो बीजेच्या कोरीसारखा उगवताना दाखविला, तर त्याने स्वतःच्याच सृष्टीत भ्रांती माजविली. कारण कला उसन्या प्रकाशाला असतात. आपला चंद्र सूर्याच्या तेजाने उजळतो, अंधाऱ्या घरात आरशाने कवडसा टाकावा तसा, हे वराहमिहिराने बृहत्संहितेत सांगितले आहे. कल्पित चंद्राचा कर्ताही असा हिशेब देणे लागतो. पहिल्या प्रकरणात चंद्राच्या तापाने शेते करपतात, आणि दहाव्या प्रकरणात नायकाला पळून जावयाचे आहे म्हणून त्या रात्रीपुरता तो निवतो, असे जो लिहितो तो खरा असत्यवादी. त्याने निसर्गाचा नव्हे, वाचकाला दिलेल्या वचनाचा भंग केला. मुलांना अद्भुतकथा देताना वडिलांनी ‘हे घडणे शक्य आहे काय?’ असे विचारू नये. ‘ह्या लेखकाने आपला शब्द पाळला आहे काय?’ असे विचारावे. जी कथा आपले नियम पाळते ती मुलाला कार्यकारणाची शिस्त लावते. जी मोडते ती त्याला हे शिकविते की गरज पडली की नियम वाकविता येतो. ह्या शिकवणीचे पुढे काय होते, हे सार्वजनिक जीवनात आपण नित्य पाहतो.

तिसरी कसोटी बोधाची. जळणारा चंद्र पाहून आम्हांला काय कळते? प्रथम हे कळते की, आमचा चंद्र शीतल आहे. ही गोष्ट रोज डोळ्यांसमोर असल्यामुळेच आम्हांला दिसेनाशी झाली होती. छपरे भिजविणाऱ्या त्या लोकांना पाहून घरी परतलेला वाचक आपल्या अंगणातील चांदण्याकडे नव्याने पाहतो. दुसरे जे कळते ते अधिक खोल आहे. कालिदासाचा दुष्यंत शकुंतलेच्या विरहात अशी तक्रार करतो की, हिमगर्भ किरणांचा चंद्र आपल्यावर आग ओततो. ज्ञानदेवांच्या विरहिणीला चांदणे रुचत नाही आणि चंदनानेही तिचे अंग पोळते. म्हणजे अग्निमय चंद्र आमच्या वाङ्मयात पूर्वीच उगवलेला आहे. आकाशात नव्हे, अंतःकरणात. पुरुषसूक्तात चंद्राची उत्पत्ती विराट पुरुषाच्या मनापासून सांगितली आहे, आणि मनाची देवता चंद्र ही आमची परंपरागत धारणा आहे. ह्या नात्याने पाहता जळणारा चंद्र म्हणजे जळणारे मन. ज्याने निववावे तेच पोळू लागले, ही मनुष्यजीवनातील एक अत्यंत खरी आणि दारुण अवस्था आहे. ज्या घरात आसरा मिळावा तेच घर छळू लागते, ज्या धर्माने शांती द्यावी त्याच्याच नावाने द्वेष पेटविला जातो, तेव्हा त्या घरातील आणि त्या गावातील माणसे अग्निमय चंद्राखालीच राहत असतात. हे सांगावयाला कधी कधी सरळ विधान अपुरे पडते आणि कल्पित चंद्रच उपयोगी येतो.

ह्या ठिकाणी एक शंका येते. कल्पनेला इतके महत्त्व दिले तर प्रत्यक्षाचे काय? ह्याचे उत्तर निसर्गानेच मोठ्या मौजेने दिले आहे. जानेवारी १६१० मध्ये गॅलिलिओने दुर्बिणीतून गुरूचे चार मोठे चंद्र पाहिले. त्यांतील सर्वांत आतला तो आयो, आकाराने आपल्या चंद्राहून किंचित मोठा. साडेबेचाळीस तासांत तो गुरूभोवती एक फेरा करतो. त्याच्या शेजारच्या युरोपाला त्याच्या दुप्पट आणि गॅनिमीडला चौपट वेळ लागतो. ह्या ठरावीक गाठीभेटींमुळे आयोची कक्षा पुरती वर्तुळ होऊ शकत नाही. तो कधी गुरूच्या जवळ येतो, कधी दूर जातो, आणि प्रत्येक फेऱ्यात त्याचे अंग पिळून निघते. ह्या पिळण्याच्या घर्षणाने त्याचे अंतरंग वितळले असावे, असे गणित तीन शास्त्रज्ञांनी २ मार्च १९७९ रोजी प्रसिद्ध केले. तीनच दिवसांनी व्हॉयेजर-१ हे यान गुरूजवळून गेले, आणि ८ मार्चला त्याने घेतलेल्या छायाचित्रात लिंडा मोराबितो ह्या संशोधिकेला आयोच्या कडेवर ज्वालामुखीचा प्रचंड फवारा आढळला. आज तेथे चारशेंहून अधिक जागृत ज्वालामुखी ज्ञात आहेत. डिसेंबर २०२३ व फेब्रुवारी २०२४ मध्ये जूनो यान त्याच्या पृष्ठभागापासून सुमारे दीड हजार किलोमीटरवरून गेले. निसर्गाचा विनोद असा की, त्या अग्निमय चंद्राचा बराचसा पृष्ठभाग गंधकाच्या संयुगांच्या हिमाने झाकलेला आणि कडाक्याचा थंड आहे. आग आणि हिम तेथे शेजारी नांदतात. चंद्रकला आणि तिसऱ्या नेत्रातील अग्नी एकाच मस्तकावर धारण करणाऱ्या शंकराच्या उपासकांना ह्याचे फारसे नवल वाटू नये.

परंतु येथेच सावध राहावे लागते. अग्निमय चंद्र खरोखर सापडला, म्हणून तशी कथा पूर्वी लिहिणारा द्रष्टा ठरत नाही. त्या तीन शास्त्रज्ञांनी जे केले ते अनुमान. यानाने जे दाखविले ते प्रत्यक्ष. कथाकाराने केले ती कल्पना. तिघांची क्षेत्रे निराळी आणि तिघांचा मान निराळा. एकाची पगडी दुसऱ्याच्या डोक्यावर घालणे हे देखील असत्यच होय. शंकराच्या मस्तकावर चंद्र आणि अग्नी एकत्र आहेत, म्हणून आमच्या पूर्वजांना आयो ठाऊक होता, असे जर कोणी सभामंडपातून सांगू लागला, तर तो विज्ञानाचा मान घेत नाही आणि शंकराचाही राखत नाही. पुराणांना स्वतःला अशी हाव नव्हती. त्यांत चंद्र एका ठिकाणी समुद्रमंथनातून निघतो आणि दुसऱ्या ठिकाणी तो अत्रिऋषींचा पुत्र असतो. ही दोन जन्मवृत्ते शेजारी शेजारी सुखाने राहतात, कारण पुराण ही जन्ममृत्यूची नोंदवही नव्हे. ज्याला त्यांत नोंद हवी आहे त्याला दोन्हींपैकी एक खोटे ठरवावे लागेल. ज्याला अर्थ हवा आहे त्याला दोन्ही खरी आहेत.

चौथी कसोटी हिताची. भीती दाखविण्यासाठीच भीती दाखविणारी कल्पना पुष्कळ आहे, आणि तिला गिऱ्हाईकही पुष्कळ आहे. अग्निमय चंद्राखाली केवळ माणसे होरपळताना दाखवून वाचकाला थरार देता येतो. मात्र तो थरार ओसरला की मन पूर्वीपेक्षा कोरडे झालेले असते. ह्याच्या उलट कल्पनेचा दाखला पाहावयाचा तर शके १२१२ मध्ये सिद्ध झालेल्या ज्ञानेश्वरीच्या शेवटच्या पसायदानाकडे वळावे. तेथे ज्ञानदेव सज्जनांना अशा चंद्राची उपमा देतात की ज्याला डाग नाही, आणि अशा सूर्याची की जो पोळत नाही. असा चंद्र कोणी पाहिलेला नाही, असा सूर्य कोणत्याही आकाशात नाही. शास्त्राच्या भाषेत तीही असंभाव्य वस्तूच. जो अग्निमय चंद्राला खोटा म्हणून फेकून देतो त्याला हा तापरहित सूर्यही फेकून द्यावा लागेल, आणि मग देवळातील नित्य प्रार्थनेतून काय उरेल? अद्भुतकथेचा चंद्र आणि पसायदानाचा सूर्य एकाच मोलाचे आहेत असे आम्ही म्हणत नाही. एक मनाच्या दाहाचे चित्र आहे, दुसरे त्या दाहाच्या शांतीचे. पण दोघांना जन्म देणारी शक्ती एकच, आणि ती शक्ती पापी नाही.

आता नातवंडाच्या प्रश्नाचे उत्तर देता येईल. त्याला सांगावे: ‘बाळ, तुझा चंद्र आकाशात नाही, हे तुलाही ठाऊक आहे आणि तुझ्या लेखकालाही, म्हणून तो खोटेपणा नव्हे. समुद्रातून निघालेला चंद्रही दुर्बिणीने शोधावयाचा नाही. त्याच समुद्रातून हलाहलही निघाले, ते कोणी प्याले आणि का प्याले, तिकडे लक्ष दे. आणि दुर्बिणीने दिसणारा चंद्र मात्र दुर्बिणीनेच पाहा. त्याविषयी कोणी ऐकीव सांगितले तर पुरावा माग, मी सांगितले तरी माग.’ असे सांगणाऱ्या आजोबांची श्रद्धा कमी होणार नाही, आणि मुलाची विचारशक्तीही खुंटणार नाही. दोन्हींपैकी एकाचा बळी दिलाच पाहिजे, ही समजूत गैर आहे.

गोव्यात पारोड्याच्या डोंगरावर चंद्रेश्वराचे स्थान आहे. पौर्णिमेचे किरण लिंगावर पडले की त्याला पाझर फुटतो, अशी भाविकांची श्रद्धा आहे. शीतल चंद्र पाषाणालाही द्रव आणतो, हा तिचा अर्थ. ह्या चंद्राविषयी शास्त्राने आज जे सांगितले आहे ते त्या भाविकानेही ऐकावे. सुमारे साडेचारशे कोटी वर्षांपूर्वी जन्मलेला आपला चंद्र प्रारंभी वितळलेल्या खडकाच्या महासागराने वेढलेला होता, असे शास्त्रज्ञ मानतात. जड खनिजे तळाशी बसली, हलकी वर तरंगून थिजली, आणि त्यांचेच उजळ कवच आपण पाहतो. २३ ऑगस्ट २०२३ रोजी चांद्रयान-३ दक्षिण ध्रुवाकडील प्रदेशात उतरले. त्यातील प्रज्ञान गाडीने तेथील मातीची जी परीक्षा केली तिचे निष्कर्ष २०२४ मध्ये प्रसिद्ध झाले, आणि त्यांनी ह्या मतास पुष्टी दिली. ज्या काळ्या डागांत आपण ससा पाहिला आणि ज्यामुळे चंद्राला शशांक म्हटले, ती मैदानेही नंतर वर आलेल्या लाव्हाची, पुढे थिजलेली आहेत. म्हणजे चंद्राचे लांछन ही त्याच्या विझलेल्या आगीची खूण आहे.

अग्निमय चंद्राची कल्पना करणाऱ्याला ह्यातले काही ठाऊक असण्याचे कारण नाही, आणि त्याचे श्रेय त्याने घेऊही नये. परंतु आपण आपल्यापुरते एवढे घ्यावे की, आज ज्याच्याकडे आपण शांतीसाठी पाहतो तोही एके काळी जळत होता. म्हणून जळणाऱ्या मनाविषयी निराश होऊ नये; आणि त्याची गोष्ट सांगणाऱ्याला, तो आपला करार पाळीत असेल आणि ऐकणाऱ्याचे हित चिंतीत असेल तर, खोटारडा म्हणू नये.